पेगी ली यांना ऑस्करच्या नामांकनानंतर पुढची भूमिका का मिळाली नाही?

खर्जसूर, दादर

नमस्कार.

मी दादरला सुगम संगीताचे वर्ग घेते. पाश्चात्त्य संगीताचे माझे ज्ञान बेताचेच आहे. मागच्या महिन्यात चोर बाजारातल्या मटण गल्लीत जुन्या तबकड्या चाळताना पेगी ली या अमेरिकन गायिकेची ‘ब्लॅक कॉफी’ ही लाँगप्ले तबकडी हाती लागली. घरी आणून लावली आणि पहिल्याच गाण्याला हातातले काम बाजूला ठेवून बसले. आवाज कुठेही चढत नाही, कुठे हरकतीची हौस नाही, आणि तरीही प्रत्येक शब्द शेजारी बसून सांगितल्यासारखा कानात उतरतो. भावगीत शिकवताना ‘शब्द फेकू नका, ठेवा’ असे मी विद्यार्थिनींना वारंवार सांगते, पण त्याचे इतके स्वच्छ उदाहरण मी फार क्वचित ऐकले आहे.

त्यानंतर त्यांच्याविषयी मिळेल ते वाचले, आणि त्यातून दोन प्रश्न पडले. पितळी वाद्यांचे मोठे वाद्यवृंद गाजत होते, त्या काळात इतक्या हळू आवाजात गाणारी गायिका पुढे आली तरी कशी, हा पहिला. दुसरा असा की 1955 सालच्या चित्रपटासाठी ज्यांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर नामांकन मिळाले, त्यांची चित्रपटातील कारकीर्द तिथेच का थांबली? जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

तबकडीवाला, गिरगाव

ताई, तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर मी देतो. चित्रपटांविषयी इथले दुसरे कोणी अधिक अधिकाराने लिहितील.

पेगी ली यांचे मूळ नाव नॉर्मा डेलोरिस एग्स्ट्रॉम. जन्म 26 मे 1920 रोजी नॉर्थ डकोटा राज्यातील जेम्सटाउन येथे झाला. वडील एका छोट्या रेल्वे कंपनीत स्टेशन एजंट होते. मुलगी चार वर्षांची असताना आई वारली, आणि पुढे सावत्र आईच्या हाताखाली मारहाणीत आणि घरकामात बालपण गेले, असे त्यांनीच पुढे सांगितले. वडिलांची बदली होईल त्या गावी घर हलत असे. त्यांपैकी विम्बल्डन नावाच्या गावातील स्टेशनची इमारत आज संग्रहालय म्हणून जपलेली आहे. फार्गो शहरातील रेडिओ केंद्रावर त्या गाऊ लागल्या, तेव्हा तिथल्या अधिकाऱ्याने त्यांना पेगी ली हे नाव दिले.

हळू गाण्याचा शोध त्यांना कॅलिफोर्नियातील पाम स्प्रिंग्जच्या डॉल हाउस या क्लबात लागला. गिऱ्हाइके जेवत, पीत, मोठमोठ्याने बोलत बसलेली असत. त्या गलक्यावर मात करण्यासाठी आवाज चढवण्याऐवजी त्यांनी तो उलट खाली आणला, आणि ही मुलगी काय म्हणते आहे ते ऐकू यावे म्हणून लोक गप्प झाले. ज्याने कधी लग्नाच्या हॉलमध्ये पंगत चालू असताना गायले आहे, त्याला ही युक्ती किती धाडसाची आहे ते कळेल, कारण गलक्यात गाणाऱ्याचा गळा आपोआप वर जातो आणि तो मुद्दाम आवरावा लागतो. मायक्रोफोन हाताशी होता म्हणूनच हे शक्य झाले, हेही खरे. आपल्याकडेही भावगीत रुजले ते मायक्रोफोन, रेडिओ आणि तबकडी यांच्याच आधाराने. नाट्यगृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत फेक पोहोचवण्याची सक्ती संपल्यावर गाणे खासगी बोलण्याच्या जवळ आले. अमेरिकेत हेच घडत होते. पेगी ली यांनी ते इतरांपेक्षा पुढे नेले.

1941 साली शिकागोच्या अँबॅसडर वेस्ट हॉटेलात क्लॅरिनेटवादक बेनी गुडमन यांनी त्यांना ऐकले आणि हेलन फॉरेस्ट यांच्या जागी आपल्या वाद्यवृंदात घेतले. लिल ग्रीन या ब्लूज गायिकेची ‘व्हाय डोन्ट यू डू राइट’ ही तबकडी पेगी ली आपल्या खोलीत पुन्हा पुन्हा लावत असत. ती गुडमन यांच्या कानावर पडली आणि त्यांनी त्या गाण्याची नवी रचना करवून घेतली. ध्वनिमुद्रण 27 जुलै 1942 रोजी झाले. 1 ऑगस्टपासून अमेरिकेतील वादकांच्या संघटनेने तबकड्यांसाठी वाजवणेच बंद केले, आणि तो संप दीर्घकाळ चालला. म्हणजे ज्या गाण्याने त्यांचे नाव घरोघरी गेले, ते दार बंद होण्याच्या चार-पाच दिवस आधी हाती लागले. त्याच्या दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या.

पुढे त्याच वाद्यवृंदातील गिटारवादक डेव्ह बार्बर यांच्याशी 1943 साली लग्न झाले, मुलगी झाली, आणि काही काळ त्या गाणे सोडून घरी बसल्या. त्या घरी बसण्यातूनच त्यांच्यातील गीतकार बाहेर आली, ही मला त्यांच्या चरित्रातील सर्वांत मोलाची गोष्ट वाटते. नवऱ्याबरोबर लिहिलेले ‘इट्स अ गुड डे’ आजही वाजते. 1948 साली दोघांचे ‘मन्याना’ नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिले. आयुष्यभरात त्यांनी लिहिलेली किंवा सहलेखन केलेली गाणी दोनशेच्या वर भरतात. त्या काळातील गायिका बहुधा दुसऱ्याने निवडलेली, दुसऱ्याने बांधलेली गाणी गात असत. त्या पार्श्वभूमीवर हा आकडा पाहावा.

आता ‘फीव्हर’. 1956 साली लिटल विली जॉन यांनी गायलेले हे मूळचे रिदम अँड ब्लूज गाणे. 1958 साली पेगी ली यांनी ते गायले, तेव्हा त्यांनी बहुतेक सगळी वाद्ये काढून टाकली. उरले ते जो मॉन्ड्रॅगन यांचे बास, शेली मॅन यांचे ड्रम आणि चुटक्या. पियानो नाही, गिटार नाही, सुराला टेकू देणारे दुसरे काहीही नाही. गाणे पुढे सरकताना पट्टी दोनदा अर्ध्या सुराने चढते, आणि आवाजाचा जोर न वाढवता तापमान वाढल्याचा भास होतो. ताई, तुमच्या वर्गात हे गाणे जरूर लावा. रोमिओ-ज्युलिएट आणि कॅप्टन स्मिथ-पोकाहॉन्टस यांची कडवी मूळ गाण्यात नव्हती, ती पेगी ली यांनी लिहून घातली. आज जगभर गायले जाते ते त्यांचेच रूप, पण गीतकार म्हणून त्यावर त्यांचे नाव नाही आणि त्याचे मानधनही त्यांच्याकडे गेले नाही.

परळचा प्रेक्षक

तबकडीवाले काकांनी गाण्याविषयी लिहिले, मी पडद्याविषयी लिहितो. त्यांचे चित्रपट थोडेच आहेत, त्यामुळे विषय आवाक्यात राहतो.

सुरुवातीच्या चित्रपटांत त्या गायिका म्हणूनच दिसतात. 1943 सालच्या ‘स्टेज डोअर कँटीन’मध्ये गुडमन यांच्या वाद्यवृंदासमोर उभ्या राहून त्या ‘व्हाय डोन्ट यू डू राइट’ गातात. हात जवळजवळ हलत नाहीत, चेहऱ्यावर फक्त एक भुवई आणि ओठांची कड काम करते. 1950 साली बिंग क्रॉसबी यांच्या ‘मिस्टर म्युझिक’मध्ये त्यांची अशीच छोटी हजेरी आहे. मोठी भूमिका मिळाली ती मायकेल कर्टिझ दिग्दर्शित ‘द जॅझ सिंगर’मध्ये, डॅनी टॉमस यांच्यासमोर. 1927 सालच्या प्रसिद्ध बोलपटाची ही 1952 ची नवी आवृत्ती. तिच्यात त्यांनी रॉजर्स आणि हार्ट यांचे ‘लव्हर’ हे गाणे गायले. मूळचे ते वॉल्ट्झ, म्हणजे तीन मात्रांच्या संथ चालीचे. पेगी ली यांनी त्याला वेगवान लॅटिन ठेका दिला. त्यांच्या आधीच्या तबकडी कंपनीने, कॅपिटलने, हे गाणे काढायला नकार दिला, तेव्हा त्या डेका कंपनीत गेल्या आणि तिथे तीच तबकडी गाजली. ‘ब्लॅक कॉफी’ही त्याच डेकाच्या काळातली.

आता 1955 सालचा ‘पीट केलीज ब्लूज’. दिग्दर्शक आणि नायक जॅक वेब. कथा 1927 सालच्या कॅन्सस सिटीतील, दारूबंदीच्या काळातील आहे. पेगी ली यांनी रोझ हॉपकिन्स नावाच्या, उमेद खचलेल्या आणि व्यसनात बुडालेल्या गायिकेची भूमिका केली. शहरातला गुंड आपल्या या मैत्रिणीला पीटच्या वाद्यवृंदाच्या गळ्यात घालतो. एका रात्री ती नशेत गायला उभी राहते, समोरचे लोक गोंगाट करतात, तिला गाणे पुरे करता येत नाही, आणि तो गुंड तिला बेदम मारतो. पुढे पीट तिला भेटायला मनोरुग्णालयात जातो, तेव्हा ती लहान मुलीच्या मनाने, बाहुली जवळ घेऊन इंद्रधनुष्याच्या रंगांचे एक साधे गाणे गुणगुणत असते.

काकांनी डॉल हाउसचा प्रसंग सांगितला नसता, तर माझ्याही हे लक्षात आले नसते. जी बाई प्रत्यक्षात गलका करणाऱ्या गिऱ्हाइकांना हळू गाऊन गप्प करत होती, तिनेच पडद्यावर गलक्यापुढे हरणारी गायिका उभी केली. आणि ती उभी करताना अभिनयाचे प्रदर्शन केले नाही. गाण्यात जो आवर आहे, तोच चेहऱ्यावरही आहे. मनोरुग्णालयातल्या दृश्यात दुसरी कोणतीही अभिनेत्री रडली असती. पेगी ली तिथे रडत नाहीत, फक्त त्यांचा सूर पोकळ होत जातो. याच चित्रपटात एला फिट्झजेराल्डही आहेत, आणि एकाच चित्रपटात या दोघींचे गाणे ऐकायला मिळणे ही जॅझच्या रसिकाला पर्वणी आहे.

ऑस्कर त्या वर्षी ‘ईस्ट ऑफ ईडन’मधील भूमिकेसाठी जो व्हॅन फ्लीट यांना मिळाले. त्यानंतर पेगी ली यांना मोठ्या पडद्यावर तोलामोलाची भूमिका मिळाली नाही. कारण काय, याबाबत मी माझे मत सांगतो. पहिली गोष्ट अशी की 1955 नंतर हॉलिवूडचे स्टुडिओ वर्षानुवर्षांच्या कराराने कलाकार बांधून ठेवण्याची पद्धत सोडत होते, आणि संगीतप्रधान चित्रपटांची संख्याही घटत होती. पस्तिशी गाठलेल्या, गायिका म्हणून ओळखल्या जाणाऱ्या स्त्रीसाठी कथा लिहून घेण्याची गरज कोणाला उरली नव्हती. दुसरी गोष्ट मला अधिक महत्त्वाची वाटते. चित्रपटात त्यांच्या हातात काय होते? संवाद दुसऱ्याचे, कॅमेरा दुसऱ्याचा, संकलन दुसऱ्याचे. न्यूयॉर्कच्या बेसिन स्ट्रीट ईस्टसारख्या क्लबात मात्र गाण्यांचा क्रम, वादकांची निवड, दिव्यांची उघडझाप, पोशाख आणि कोणत्या शब्दाला हात किती इंच उचलायचा हे सगळे त्या स्वतः ठरवत आणि वहीत लिहून ठेवत. असा अधिकार चाखलेल्या कलावतीला स्टुडिओच्या दारात रांग लावण्याचे कारण नव्हते. आपल्या बोलपटांतही सुरुवातीला गाणारीच नायिका असे. पार्श्वगायन रुजल्यावर पडदा आणि गळा यांची वाटणी झाली, आणि सुरैया यांच्यासारख्या दोन्ही सांभाळणाऱ्या कलावती कमी होत गेल्या. अमेरिकेत पार्श्वगायनाची तशी पद्धत पडली नाही, तरीही वाटणी झालीच, एवढेच मला दाखवायचे आहे.

खर्जसूर, दादर

दोघांचेही मनापासून आभार. मनोरुग्णालयातील दृश्य मी काल रात्री पाहिले. इंद्रधनुष्याच्या गाण्यात शेवटचे अक्षर त्या पूर्ण उच्चारतच नाहीत, श्वासातच सोडून देतात. ते दोनदा ऐकले.

डिस्नेच्या ‘लेडी अँड द ट्रॅम्प’मध्येही त्यांचा आवाज आहे असे वाचले. तोही 1955 सालचाच. त्यावरून खटला झाला होता, हे खरे आहे का?

वकील, विलेपार्ले

खरे आहे, आणि वकिली शिकणाऱ्यांनी तो खटला अभ्यासावा असे माझे मत आहे.

त्या चित्रपटात पेगी ली यांचे काम चार पदरी होते. सनी बर्क यांच्याबरोबर त्यांनी गाणी लिहिली. घरमालकीण डार्लिंग, सयामी मांजरांची जोडी आणि पेग ही कुत्री या सर्वांना आवाज दिला. पेगचे मूळ नाव मेमी असे ठरले होते, पण अध्यक्ष आयझेनहॉवर यांच्या पत्नीचे नाव तेच असल्यामुळे ते बदलून पेगी यांच्या नावावरून पेग ठेवले गेले. कथेत म्हातारा शिकारी कुत्रा ट्रस्टी मरणार होता, मुलांना ते सोसणार नाही असे सांगून त्याला जगवण्याचा आग्रहही पेगी ली यांनीच वॉल्ट डिस्ने यांच्याकडे धरला होता. आवाजाच्या कामासाठी त्यांना 3,500 डॉलर मिळाले.

1952 सालच्या त्यांच्या करारात एक कलम होते. विक्रीसाठी तबकड्या किंवा ‘ट्रान्सक्रिप्शन’ (मुद्रित प्रती) काढण्याचा अधिकार या करारामुळे कंपनीला मिळत नाही, असा त्याचा आशय होता. 1987 साली चित्रपटाच्या व्हिडिओ कॅसेट बाजारात आल्या आणि प्रचंड खपल्या. पेगी ली यांनी 1988 साली दावा दाखल केला. कंपनीचा बचाव असा होता की करार झाला तेव्हा घरगुती व्हिडिओ नावाची वस्तूच नव्हती, त्यामुळे कलमाचा तिच्याशी संबंध नाही. न्यायालयाने कलमातील शब्दांची व्याप्ती मोठी मानली. 1991 साली ज्यूरीने सुमारे 38 लाख डॉलरची भरपाई ठरवली, न्यायाधीशांनी ती सुमारे 23 लाखांवर आणली, आणि अपिलातही निकाल टिकला. तोपर्यंत त्यांनी सत्तरी ओलांडली होती आणि प्रकृती खालावली होती. तरीही तडजोड न करता त्यांनी हा लढा शेवटपर्यंत नेला.

‘फीव्हर’च्या कडव्यांविषयी काकांनी जे लिहिले, ते याच्या शेजारी ठेवून पाहावे. डिस्नेच्या करारात हक्क लिहून ठेवला होता म्हणून छत्तीस वर्षांनी तो मागता आला. ‘फीव्हर’मधील शब्द त्यांचे असूनही कागदावर काही नव्हते, त्यामुळे मागण्यासारखे काही उरले नाही.

मुंबईच्या चित्रपटसृष्टीला हा वाद नवा नाही. गायकांना स्वामित्वधन मिळावे असा आग्रह लता मंगेशकर यांनी 1960 च्या दशकाच्या सुरुवातीला धरला होता, आणि एकदा मेहनताना घेतला की गायकाचा हक्क संपतो असे मत असलेल्या मोहम्मद रफी यांच्याशी त्यांचा त्यावरून अबोला झाला. आपल्या कॉपीराइट कायद्यात 2012 साली जी दुरुस्ती झाली, तिच्यात गीतकार व संगीतकार यांचे स्वामित्वधन काढून घेता येणार नाही आणि गायकांसारख्या कलाकारांनाही त्यात वाटा आहे, हे आले. शिवाय करार करताना जे माध्यम अस्तित्वात किंवा व्यापारी वापरात नव्हते, त्याला तो करार लागू होणार नाही, जोपर्यंत त्या माध्यमाचा त्यात स्पष्ट उल्लेख नाही, अशीही तरतूद आहे. पेगी ली यांच्या खटल्यातील प्रश्न नेमका हाच होता.

नवखा श्रोता, गोरेगाव

सर्वांचे लेखन आवडले, पण एक गोष्ट लिहिणे मला आवश्यक वाटते. सयामी मांजरांच्या गाण्यात आशियाई लोकांच्या बोलण्याची जी नक्कल आहे, ती आज ऐकवत नाही. 2019 साली आलेल्या नव्या चित्रपटात ते गाणे बदलले गेले. ‘मन्याना’मधील मेक्सिकन माणसाचे आळशी चित्रही असेच खटकते. ज्या गायिकेने लिल ग्रीन या कृष्णवर्णीय गायिकेची तबकडी इतक्या आदराने ऐकली, त्यांच्याकडून हे व्हावे, याचे मला वाईट वाटते.

तबकडीवाला, गिरगाव

तुमचा आक्षेप मी मान्य करतो. ‘मन्याना’ माझ्या संग्रहात आहे, पण ती मी कोणाला ऐकायला देत नाही. त्या काळचे अमेरिकन श्रोते यावर हसत होते एवढे कारण पुरेसे नाही.

ताईंच्या मूळ प्रश्नाला एक पुरवणी जोडतो. पडद्यावर भूमिका मिळाली नसली, तरी अभिनय त्यांनी सोडला नाही, तो गाण्यात आणला. 1969 साली, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, त्यांनी ‘इज दॅट ऑल देअर इज’ हे गाणे काढले. लिबर आणि स्टोलर यांची ही रचना जर्मन लेखक टोमास मान यांच्या एका कथेवरून सुचलेली आहे, वाद्यवृंदाची मांडणी रँडी न्यूमन यांची. त्यात बराचसा भाग गायचा नाही, बोलायचा आहे. घराला लागलेली आग, सर्कस, प्रेमभंग आणि शेवटी मृत्यू, अशा प्रसंगांतून एक स्त्री आपले आयुष्य सांगत जाते. कंपनी ते गाणे काढायला उत्सुक नव्हती. त्या गाण्यासाठी त्यांना ग्रॅमी मिळाले. रोझ हॉपकिन्सची पुढची भूमिका त्यांनी चार-साडेचार मिनिटांच्या या तबकडीत केली, असे मी समजतो.

शेवटच्या वर्षांत त्या चाकाच्या खुर्चीत बसूनही गात असत. 21 जानेवारी 2002 रोजी त्यांचे निधन झाले.

ताई, तुमच्या तबकडीवर किती गाणी आहेत? 1953 ची पहिली ‘ब्लॅक कॉफी’ दहा इंची होती आणि तिच्यावर आठ गाणी होती. 1956 साली बारा इंची काढली, तेव्हा चार गाणी नव्याने घातली. जुन्या आठांत ट्रम्पेट आहे, नव्या चारांत हार्प.

खर्जसूर, दादर

बारा आहेत, काका. हार्प मला पहिल्यांदा संतूरच वाटले होते.

काल वर्गात ‘फीव्हर’ लावले. हार्मोनियम बंद ठेवायला सांगितले, तबल्यावर फक्त ठेका धरला, आणि एका विद्यार्थिनीला तिचे नेहमीचे भावगीत तसेच गायला लावले. पहिल्या दोन ओळींत ती सुराचा आधार शोधत होती. तिसऱ्या ओळीपासून तिने आवाज खाली आणला, आणि मागच्या बाकावरच्या मुली बोलायच्या थांबल्या.